सासरे आणि भोयांचं तळं

लाज म्हणजे काय हे ज्याला मुळापासून शिकायचं असेल त्यानं माझ्या सासऱ्यांबरोबर एकदा एसटीनं प्रवास करावा. मी बीडला ज्युनिअर कॉलेजात मराठी शिकवतो, रस्त्यात चार पोरं नमस्कार करतात, भाजीवाली 'सर' म्हणते. पण सासऱ्यांसोबत घराबाहेर पडलो की परत येईपर्यंत ही सगळी कमाई धुऊन निघालेली असते. दिसायला म्हणाल तर अगदी साधा माणूस. दिंद्रुडला किराणा दुकान, कपाळावर भस्माचे आडवे पट्टे, गळ्यात लिंग, खांद्यावर उपरणं आणि आवाज तुपासारखा मऊ. आमच्याकडे सासऱ्याला मामा म्हणतात, म्हणून मी मामा म्हणतो. पुढं पुढं सगळं गावच त्यांना मामा म्हणायला लागलं. तर या मामांचा जगाकडे एकच हट्ट आहे. कुणी काहीही ठरवावं, त्यांची ना नाही, पण ज्याच्या डोक्यावर ते पडणार त्याला आधी विचारलं पाहिजे आणि ठरवल्यावर कारण सांगितलं पाहिजे. "इचारलं का? कारन सांगितलं का?" एवढे दोनच प्रश्न त्यांनी आयुष्यभर विचारले, आणि ते जिथं विचारू नयेत नेमके तिथं विचारले.

एकदा आम्ही बीडहून दिंद्रुडला निघालो होतो. गाडी खच्चून भरलेली. एका फाट्यावर गाठोडं घेतलेली म्हातारी उभी होती, तिला बघून कंडक्टरनं डबल बेल दिली आणि गाडी तशीच पुढं काढली. झालं. मामा उठले आणि तिला विचारलं का म्हणून कंडक्टरच्या मागं लागले. तो बिचारा म्हणाला, काका, गाडी फुल हाय. मामा म्हणाले, "फैसला तुझाच चालंल बाबा, मी चूक म्हनत न्हाई. मी म्हन्तो, उभ्यानं येती का म्हनून इचारलं का तिला?" गाडीत हशा, मग आरडाओरडा, मग दोन तट पडले आणि शेवटी ड्रायव्हरनं वैतागून गाडी चक्क मागं घेतली. म्हातारीला विचारलं. तिला ही गाडी नकोच होती, ती माजलगावच्या गाडीची वाट बघत उभी होती. आता कुणालाही वाटेल की मामा खजील झाले असतील. छे! समाधानानं माझ्याशेजारी येऊन बसले आणि म्हणाले, आता इचारून झालं, आता खुशाल जावा. मी तोंडापुढं वर्तमानपत्र धरलं होतं ते दिंद्रुड येईपर्यंत काढलं नाही.

माझ्या स्वतःच्या लग्नातही त्यांनी मला सोडलं नाही. मुलाकडच्या एकानं तरी रुसायचं, मुलीकडच्यांनी हातापाया पडायचं, टॉवेल-टोपी द्यायची आणि मग रुसलेल्यानं हसायचं, ही आमच्याकडची जुनी रीत आहे. आमच्यात हे काम माझ्या थोरल्या काकांकडे असतं आणि ते त्यात पटाईत आहेत. पानात तूप वाढलं नाही म्हणून काका ताटावरून उठले आणि मांडवाच्या कोपऱ्यात जाऊन बसले. मामांनी दोन खुर्च्या मागवल्या. एकीवर काकांना बसवलं, दुसरीवर वाढप्याला. आधी काकांचं सगळं ऐकलं, मग वाढप्याचं ऐकलं, मग पंगतीत शेजारी बसलेल्यांना विचारलं आणि सगळ्या मांडवाला ऐकू जाईल असं सांगितलं, "तूप वाढलं होतं, काकांच्या ध्यानात आलं न्हाई. म्हनून रुसवा नामंजूर." काका त्या दिवसापासून आमच्या उंबऱ्याला शिवलेले नाहीत. घरात मामींनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, मात्र या सगळ्यावर आपला उपाय काढलेला आहे. भाजी कुठली करायची ते आधी का विचारलं नाही म्हणून मामा एकदा कुरकुरले, तेव्हा मामी विळीवरूनच म्हणाल्या, "वांग्यालाबी इचारते की, चिरू का म्हनून." मामा हसले नाहीत. थोडा वेळ खरंच विचारात पडले.

अशा माणसाला भोयांनी आपल्या मच्छीमार सोसायटीचा सचिव केलं, हे ऐकून नवीन माणूस चक्रावतो. गावापासून थोडं लांब एक तळं आहे. त्यात भोयांची घरं पिढ्यान् पिढ्या मासे धरत आली. पावसाळ्यात बाजारातून आणलेलं माशांचं बीज सोडायचं, हिवाळा-उन्हाळ्यात मोठे झालेले मासे काढायचे, आणि त्यासाठी सरकारकडून तळ्याचा ठेका दर पाच वर्षांनी सोसायटीच्या नावानं घ्यायचा. अर्ज-कागद मामांच्या दुकानात लिहिले जायचे, ते लिहिता लिहिता मामाच सचिव झाले. ज्या घरात कधी अंड्याचं टरफल आलं नाही त्या घरातला माणूस मच्छीमारांचा सचिव! बैठक तळ्याच्या बांधावर असायची, तेव्हा मामा वाऱ्याचा अंदाज घेऊन बसायचे आणि तरी नाकावर उपरणं धरायचे. चेअरमन आसाराम, मोठा शांत माणूस, तो बैठकीच्या दिवशी मुद्दाम साबण लावून आंघोळ करून यायचा. त्याचा काही उपयोग नसायचा. घरी आल्यावर मामा डोक्यावरून पाणी घेतल्याशिवाय दुकानाच्या गादीवर बसत नसत. बाजारात एकदा एक मासा बघून त्यांनी आसारामला हा कोणता म्हणून विचारलं. आसाराम म्हणाला, "मामा, हा रोहू. इतकी वरसं तुमीच त्याचं नाव लिव्हायलाव." मी शेजारीच होतो. मामांच्या वतीनं मीच लाजलो.

मागच्या खेपेला ठेक्याची मुदत संपली तेव्हा मत्स्य खात्याच्या साहेबांनी तो रीतसर पुन्हा जुन्या सोसायटीला दिला. इतक्यात एका पुढाऱ्यानं आपल्या पाव्हण्यारावळ्यांची नवी सोसायटी काढली. त्यातल्या एकाच्याही हाताला कधी जाळ्याची दोरी लागलेली नव्हती. त्यांनी वरच्या पातळीवर दाद मागितली आणि वरून आदेश आला, की जुना ठेका रद्द, तळं नव्या सोसायटीला. भोयांच्या घरांत सुतक पडल्यासारखं झालं. मामांना मात्र तो आदेश वाचून, खोटं कशाला सांगू, आनंदच झाला. कारण आदेशात कारण नव्हतं, आणि आसारामला कुणी काही विचारलेलं नव्हतं. जन्मभर ज्या चुकीची वाट बघितली ती चुकून घरी चालून आली होती. दुसऱ्याच दिवशी ते मला घेऊन हायकोर्टाच्या खंडपीठाकडे निघाले. वकिलानं समजावलं, तळं कुणाला द्यावं हे कोर्ट ठरवणार नाही, मासे कोण चांगले धरतं हेही बघणार नाही; सरकारनं ते ठरवताना नीट रीत पाळली का, समोरच्याला ऐकून घेतलं का, कारणं दिली का, एवढंच बघेल. मामांनी वकिलाचे दोन्ही हात धरले. "हेच तर मी म्हन्तोय वकीलसाहेब, जलमभर." त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. एवढ्या मोठ्या इमारतीत आपल्यासारखाच विचार करणारी माणसं बसतात, याचा त्यांना पत्ताच नव्हता. कोर्टरूमच्या दारात त्यांनी चपला काढल्या, उंबऱ्याला हात लावून कपाळाला लावला आणि आत गेले. त्यांच्या चपला सांभाळत मी व्हरांड्यात उभा राहिलो. काळ्या कोटातली माणसं येता-जाता माझ्याकडे आणि चपलांकडे बघत होती.

कोर्टानं सरकारला आणि नव्या सोसायटीला नोटीस काढली आणि पुढच्या तारखेपर्यंत 'जैसे थे' ठेवायला सांगितलं. मामा पेढे घेऊन गावात आले. भोयांना बांधावर बसवून त्यांनी समजावलं, की आता नव्या सोसायटीला तळ्यात पाय घालता येणार नाही. पोरं शिट्ट्या मारायला लागली. मग मामा म्हणाले, आपनबी जाळं टाकायचं न्हाई. शिट्ट्या थांबल्या. आसारामनं विचारलं, "आन् माशांचं काय, मामा?" मामा म्हणाले, मासे हायत तिथंच राहतील, कुठं जातेत? सगळे हसले, आसारामही हसला, आणि पेढे वाटून झाले.

त्या दिवसापासून मामांना दुसरा धंदा राहिला नाही. दुकान मामींवर टाकून ते रोज बांधावर जाऊन बसायचे. पुढाऱ्याच्या माणसांवर नजर ठेवायला म्हणून जायचे. पण ती माणसं शहाणी, तिकडं फिरकलीच नाहीत. मग मामा आपल्याच माणसांना अडवायला लागले. एका बाईनं पदर पसरून कडेच्या पाण्यातले बारके मासे धरले, कालवणापुरते, ते त्यांनी परत सोडायला लावले. गावात लोक त्यांना 'जैसे थे मामा' म्हणायला लागले, कॉलेजात मला कुणीतरी विचारलं, की सर, तुमचे सासरे माशांची राखण करतात म्हणे, आणि मी विषय बदलला. इकडं तारखा पुढं जात होत्या. कधी सरकारी वकिलानं वेळ मागितली, कधी नंबरच लागला नाही. उन्हाळा लागला. तळ्याच्या चारी बाजूंनी शेतकऱ्यांच्या मोटारी पाणी ओढत होत्या, कारण मोटारींबद्दल कोर्टानं काही म्हटलेलं नव्हतं. पाणी रोज थोडं थोडं आत सरकत होतं आणि कडेची माती भेगाळत चालली होती.

एका दुपारी मी दिंद्रुडला असताना आसाराम दुकानात आला. आल्या आल्या खाली बसला. "मामा, मासे तोंड वर काढायलेत," तो म्हणाला. "पान्यात हवा राह्यली न्हाई. चार दिसांत समदे जातेल." मामा म्हणाले, तारीख लागू दे. आसाराम म्हणाला, तारीख कवा? तर कोर्टाला उन्हाळ्याची सुट्टी लागलेली. सुट्टीतही तातडीच्या कामाला एखादं कोर्ट असतं, मासे काढायची परवानगी मागू, असं वकील फोनवर म्हणाला होता, हे मला ठाऊक होतं. मामांनी ते मनावर घेतलं नव्हतं. आपणच मागितलेला हुकूम आपणच मोडायला निघालो तर कोर्ट काय म्हणेल, याची त्यांना शरम वाटत होती. आसाराम शेवटी म्हणाला, "मंग गुपचूप काढतो की. कोन बघायलंय?"

मामा म्हणाले, "मी बघायलोय."

आसारामनं त्यांच्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि उठून गेला. त्यानं जाळं टाकलं नाही. भोयांपैकी कुणीच टाकलं नाही. मामा सांगतील ते कोर्टात टिकतं, एवढाच त्यांचा हिशोब होता. मी मध्ये बोलायला पाहिजे होतं असं आता वाटतं, पण मामांच्या तोंडाला कोण लागणार, म्हणून मी बिस्किटांच्या बरण्यांकडे बघत बसलो.

आणि मग ते झालं. वास आधी गावात आला. मामा आणि मी तळ्यावर गेलो तर मधल्या डबक्याभर पाण्यावर आणि भोवतालच्या चिखलावर पांढरं पांढरं पसरलेलं, आणि त्यावर कावळे. भोयांची सगळी घरं बांधावर उभी होती. कुणी रडत नव्हतं. मामांनी नाकावर उपरणं धरलं नाही. चपला काढल्या आणि ते चिखलात शिरले, पोटरीपर्यंत रुतले, वाकून एक मासा हातात घेतला. उभ्या आयुष्यात त्यांनी माशाला हात लावला तो तेव्हा. तो मोठा होता, दोन्ही हातांत मावत नव्हता. काय करावं हे न कळून ते तसेच उभे राहिले. आसारामची बायको कडेनं म्हणाली, "मामा, आता तरी काढू द्या. गावाला रोगराई व्हईल." तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. ती खरंच परवानगी मागत होती. मामांनी नुसती मान हलवली. माणसांनी टोपल्या आणल्या, खड्डा खणला आणि मासे पुरले. मी कॉलेजातली पँट वर दुमडून टोपल्या उचलू लागलो. त्या दिवशी मला कुणाची लाज वाटली नाही, वाटली ती माझीच.

पुढं केस आम्ही जिंकलो. अगदी मामांच्या शब्दांत जिंकलो: ऐकून घेतलं नाही, कारणं दिली नाहीत, म्हणून वरचा आदेश रद्द; दोन्ही बाजूंना बोलावून पुन्हा ठरवा. पुन्हा सुनावणी झाली तेव्हा पुढाऱ्याच्या सोसायटीनं फार जोर लावला नाही, रिकाम्या तळ्यासाठी कोण घसा कोरडा करतो? ठेका जुन्या सोसायटीकडे आला, चांगली पानभर कारणं देऊन आला. आसाराम शाल आणि नारळ घेऊन दुकानावर आला तर शटर खाली. मामी म्हणाल्या, घरी न्हाईत. मामा आत तांदळाच्या पोत्यांमागं अंधारात बसून होते आणि ते आसारामलाही कळलं होतं. त्यानं शाल मामींच्या हातात दिली, नारळ ठेवला आणि गेला. तेव्हापासून मामांनी एकाही माणसाला ते दोन प्रश्न विचारले नाहीत. एसटी फाट्यावर थांबो न थांबो. माझ्या मेव्हण्यानं न विचारता दुकानाची अर्धी जागा मोबाईलवाल्याला दिली, मामा म्हणाले, बरं. मामी मला फोन करून रडल्या. म्हणाल्या, "भांडत न्हाईत आता. खाली मान घालून जेवतेत."

हातात काही नव्हतं म्हणून त्या वर्षी भोयांनी मुकादमाकडून ऊसतोडीची उचल घेतली. आयुष्यात पहिल्यांदा ती घरं उसाला निघाली. शिरूर कासारकडची माणसं दरवर्षी जातात, त्यांना सवय असते; यांच्या बायकांनी कोयता कसा धरायचा तेसुद्धा शेजाऱ्यांकडून शिकून घेतलं. उचलीतून त्यांनी आधी माशांचं बीज आणून पावसानं भरलेल्या तळ्यात सोडलं आणि मग ट्रॅक्टरमध्ये बसले. मामा त्या दिवशी चौकात आले होते, एका बाजूला उभे. त्यांनी आसारामला हाक मारली, काहीतरी बोलायला तोंड उघडलं. माझी खात्री आहे, त्यांना त्याची माफी मागायची होती, आणि ती रीतसर, सगळ्यांसमोर, ऐकून घे म्हणून. आसाराम ट्रॅक्टरवरून खाली उतरला आणि त्यांच्याजवळ गेला. म्हणाला, "मामा, तळं तुमच्या हवाली हाय. पानी कुठवर हाय ते सांगत जावा फोनवर." मामा म्हणाले, "मला कावून सांगायलास रे? दुसऱ्या कुनाला सांग." आसाराम म्हणाला, "दुसरं कोन हाय आमचं?" आणि तो वर चढला. ट्रॅक्टर गेल्यावरही मामा बराच वेळ चौकात उभे होते. मी त्यांना घरी चला म्हटलं नाही.

तेव्हापासून मामा रोज तळ्यावर जातात. दुकानातली पेंड नेतात, ती मासे खातात म्हणे. संध्याकाळी आसारामचा फोन येतो, आणि मामा त्याला पाणी कुठपर्यंत आहे ते सांगतात, चूक झालेल्या पोरानं मास्तरला सांगावं तशा आवाजात. मी परवा दिंद्रुडला गेलो तर ते बांधावरच होते. उन्हाळा तोंडावर आलाय, मोटारी पुन्हा धडधडायला लागल्यात, पाणी बरंच उतरलंय. त्यात दोन दिवसांपूर्वी बातमी आलीय, की पुढाऱ्याची सोसायटी या नव्या निर्णयाविरुद्ध पुन्हा वर जाणार आहे. वकिलानं सांगितलं होतं, अजून कसलाही मनाई हुकूम नाही, तरी काय होतं ते बघा, जाळं टाकायची घाई नको. मामांनी मला हे सगळं सांगितलं. तेवढ्यात फोन वाजला. आसाराम. पलीकडं उसाच्या गाड्यांचा आवाज येत होता.

मामा म्हणाले, "पानी उतरलंय. मासे हातभर झालेत." आसाराम काहीतरी विचारत होता, बहुतेक हेच, की जाळं टाकायचं का, वकिलाला विचारलं का. मग ते जरा मोठ्यानं म्हणाले, "तू निघ. उद्याच ये. आन् जाळं टाक. मलाबी इचारू नको."

फोन खिशात ठेवून ते पाण्याकडे बघत बसले. मी त्यांच्या शेजारी बसलो, अंगाला अंग लावून, इतकी वर्षं कधी बसलो नव्हतो तसा. आसारामला यायला किती वेळ लागेल असं मी विचारलं तर म्हणाले, येतंय की रे पोरगं, निघतो म्हनलंय. आणि तळ्यात पाणी थोडं थोडं कमी होत राहिलं.